फौजदार न झालेले दासगणू

रविवारी सकाळी आबिड्सच्या रस्त्यावर दुकानांच्या फळ्या खाली असतात आणि फुटपाथवर जुनी पुस्तके मांडलेली असतात. हैदराबादकरांना हा बाजार नवा नाही. इंजिनियरिंगची जाडजूड बुके, उर्दू दिवाणे, तेलुगू कादंबऱ्या, इंग्रजी मासिकांचे गठ्ठे, आणि त्यांत कुठेतरी एखादे मराठी पुस्तक. कुणाच्या तरी घरातली म्हातारी माणसे गेली की त्यांची पुस्तके इथे येतात. माझी नजर सवयीने देवनागरी अक्षरे हुडकीत असते. परवाच्या रविवारी मला एक पोथी मिळाली. 'श्रीगजानन विजय'. पाठपुठ्ठा सुटलेला, पानांच्या कोपऱ्यांना हळदीकुंकवाचे डाग, एकविसाव्या अध्यायाची शेवटची पाने दुमडलेली. ती उचलली तेव्हा खाली एक इंग्रजी पुस्तक होते, देवळातल्या गाण्यांच्या चालींचे, चार सुरांच्या नोटेशनसह. कुणा चर्चमधल्या गायकाचे असावे. जवळच सेंट जॉर्ज चर्च आहे, तिथूनही आले असेल.

दोन्ही पुस्तके घेतली. इंग्रजी पुस्तकात माझ्या एका ख्रिस्ती स्नेह्यांनी मला एक चाल दाखविली. तिचा कर्ता टॉमस क्लार्क नावाचा कँटरबरीचा जोडे शिवणारा माणूस. जन्म १७७५, मृत्यू १८५९. दिवसा चामडे आणि दोरा, फावल्या वेळी प्रार्थनामंदिरातल्या गायकांचा मेळा. १८०५ साली त्याने आपल्या चालींचा पहिला संग्रह छापला, पुढे आणखी कितीतरी. त्यातली 'क्रॅनब्रुक' नावाची चाल आधी एका भजनाला होती, मग नाताळच्या एका गाण्याला लागली, आणि शेवटी यॉर्कशायरमधल्या लोकांनी ती एका थट्टेच्या गाण्याला लावून टाकली. आज तिथे ती चाल येत नाही असा माणूस विरळा, आणि ती कँटरबरीच्या चांभाराची आहे हे ठाऊक असलेला माणूस त्याहून विरळा.

हे ऐकताना माझ्या मांडीवर ती पोथी होती, आणि मला आपल्या गणू शिपायाची आठवण झाली.

आपल्या म्हणण्याचे कारण असे की, दासगणू महाराजांचे आयुष्य आपल्या जुन्या हैदराबाद संस्थानाशी फार जवळून जोडलेले आहे. ते जन्माने नगरकडचे, पण त्यांची कर्मभूमी नांदेड, आणि समाधी उमरीजवळच्या गोरट्याची. काचीगुड्याहून निजामाबाद, बासर, धर्माबाद अशी वाट धरली की उमरीचे लहानसे स्टेशन लागते. आमच्या आजोळची माणसे त्या वाटेवरची असल्यामुळे लहानपणी मी गोरट्याचे नाव गंगाखेड-पैठणच्या बरोबरीने ऐकत आलो. इतके असून हैदराबादेत आज त्यांचे नाव निघते ते फक्त पोथीच्या मुखपृष्ठापुरते. मौज अशी की, दिलसुखनगरच्या साईमंदिरात रोज संध्याकाळी शेकडो तेलुगू माणसे तेलुगू लिपीत छापलेल्या पुस्तकावरून मराठी आरत्या म्हणतात. त्यात शिरडीला पंढरपूर आणि साईबाबांना पांडुरंग म्हणणारी एक छोटीशी आरती आहे. मराठीचा गंध नसलेली ती माणसे मराठी शब्द मोठ्या प्रेमाने उच्चारतात. ती आरती एका पोलीस शिपायाने केली आहे, हे त्यांतल्या किती जणांना माहीत असेल? आपल्यातल्याही किती जणांना आहे?

गणेश दत्तात्रेय सहस्रबुद्धे यांचा जन्म ६ जानेवारी १८६८ रोजी, पौष शुद्ध एकादशीला, नगर जिल्ह्यातील अकोळनेर येथे झाला. घराणे चित्पावन, नगरला राहणारे. कुळाचे नाव भारदस्त खरे, पण शिक्षणाच्या बाबतीत गणपतरावांनी घरच्यांची पार निराशा केली. मुंज उशिरा, शाळा त्याहून उशिरा, आणि इंग्रजी चार इयत्तांच्या आसपास तीही सुटली. ओढ तमाशाची. गावोगावच्या तमाशांत रमणारा, स्वतः लावण्या रचणारा, वेळ पडली तर नाच्याचे सोंग घेऊन उभा राहणारा हा ब्राह्मणाचा पोर घरी डोळ्यांत खुपू लागला असल्यास नवल नाही. मग चाकरी शोधणे आले. शिक्षण बेताचे, अंगकाठी बरी. तेव्हा १८९१ च्या सुमारास तो नगर जिल्ह्याच्या पोलिसात शिपाई म्हणून लागला. श्रीगोंदे हे त्याचे सुरवातीचे ठाणे.

पोलिसातला शिपाई म्हणजे त्या काळी काय, हे ध्यानात घेतले पाहिजे. साहेबाच्या घोड्यामागे धावणे, समन्स पोचविणे, रात्रीची गस्त, खजिन्यावर पहारा, आणि पगार इतका की संसार चालविण्यापेक्षा कर्ज फेडण्यातच जावा. गणपतराव त्यात आपल्या कवितेने करमणूक करून घेत. सोबतच्या शिपायांवर, वरच्या अंमलदारांवर थट्टेची कवने रचीत, आणि ठाण्यात रात्री ती म्हणून दाखवीत. हजेरीच्या वेळी अडखळणारा हा शिपाई लावणी मात्र उभ्याउभ्या करी. रचनेची ही विलक्षण सहजता त्यांच्यापाशी अखेरपर्यंत राहिली. पुढे हजारो ओव्या त्यांनी लिहिल्या, त्या मोठ्या अभ्यासाच्या खोलीत बसून नव्हेत. ते सांगत आणि दुसरा कुणीतरी उतरून घेई.

याच नोकरीत त्यांची गाठ नारायण गोविंद चांदोरकरांशी पडली. नानासाहेब चांदोरकर नगरच्या कलेक्टरकडे चिटणीस होते, पुढे डेप्युटी कलेक्टर झाले. सुशिक्षित, शांकरभाष्य वाचलेला, मोठ्या हुद्द्याचा माणूस. हा माणूस शिरडीच्या एका पडक्या मशिदीतल्या फकिराला मानीत असे आणि फिरतीवर असताना तिकडे वाट वाकडी करी. साहेब गेला म्हणजे बरोबरचा शिपाईही गेला. गणपतराव शिरडीस पहिल्याने गेले ते हे असे, सुमारे १८९२ ते ९४ च्या दरम्यान, सरकारी कामाचा भाग म्हणून. भक्तीचा त्यात काही संबंध नव्हता. उलट त्यांच्या मनाला ते खटकतच होते. मशीद, धुनी, चिलीम, यवनाचा वेष. सोवळेओवळे पाळणाऱ्या माणसाने तिथे पायांवर डोके कसे ठेवावे?

ही अढी त्यांच्या मनातून सहजासहजी गेली नाही, आणि चरित्रकारांनी ती झाकलीही नाही. प्रयागच्या स्नानाची गोष्ट सर्वांना ठाऊक आहे. गणपतरावांना गंगायमुनांच्या संगमावर स्नानास जायचे होते, बाबांची परवानगी मागितली, आणि बाबांच्या दोन्ही अंगठ्यांतून पाणी वाहू लागले. त्यांनी ते मस्तकी धरले, त्यांचे हृदय भरून आले, जागच्या जागी एक पद स्फुरले. एवढे पोथीत येते. पण नरसिंहस्वामींनी लिहिलेल्या चरित्रात एक बारीकसा तपशील आहे, तो मला पोथीतल्या चमत्काराहून मोलाचा वाटतो: ते तीर्थ त्यांनी डोक्यावर शिंपडले, पण प्राशन केले नाही. मशिदीतले पाणी तोंडात घालणे त्या क्षणीही जमले नाही. पदात भक्ती ओसंडत होती आणि ओठ मात्र मिटलेले होते. चमत्कारावर ज्याचा त्याचा विश्वास. मिटलेले ओठ मात्र मला अगदी खरे वाटतात.

बाबांनी त्यांच्यामागे एकच लकडा लावला होता, नोकरी सोडण्याचा. आणि गणपतरावांच्या डोक्यात एकच वेड होते, फौजदार होण्याचे. खात्याच्या परीक्षा द्यायच्या, डोक्यावरची पगडी बदलायची, घोड्यावर बसायचे, आणि मग काय ती भक्ती करायची. या दोन ओढींत दहाबारा वर्षे गेली. त्यांचा एकेक प्रसंग वाचावा तर हसूही येते आणि पोटात कालवतेही.

त्या काळी कान्ह्या भिल्ल नावाचा दरोडेखोर नगरच्या मुलखात धुमाकूळ घालीत होता. त्याच्या तपासावर पोलिसांची माणसे वेष पालटून पाठविली गेली. गणपतराव रामदासी बनले आणि एका खेड्यातल्या राममंदिरात जाऊन राहिले. भजन करायचे, भिक्षा मागायची आणि कान उघडे ठेवायचे. पाठविलेल्यांपैकी काहींना कान्ह्याने ठार केले, आणि हा रामदासी खरा कोण हेही त्याला कळले. तो मंदिरात आला तेव्हा गणपतरावांनी रामाच्या मूर्तीला मिठी मारली आणि गयावया केली. जीव वाचला तर नोकरी सोडीन, असा नवस मनात बोलून. कान्ह्याने का कोण जाणे, त्यांना सोडले. त्याला बहुधा मूर्तीला चिकटलेल्या माणसाची कीव आली असावी. जीव वाचला. नोकरी मात्र सुटली नाही. वेषांतराचे काम जोखमीचे असल्याने बढतीची आशा उलट वाढली.

माझ्या मते कीर्तनकार दासगणूंचा जन्म त्या राममंदिरात झाला. कपटाने घेतलेला रामदासी वेष, पोट भरण्यासाठी म्हटलेली भजने, आणि त्या भजनांना भाविकपणे माना डोलावणारे खेडूत. आपण फसवीत आहोत आणि ही माणसे मनापासून ऐकत आहेत, ही जाणीव कवीच्या मनाला कुठेतरी चावल्याखेरीज राहील असे मला वाटत नाही. पण तसे त्यांनी कुठे लिहून ठेवल्याचे माझ्या वाचनात नाही, तेव्हा हा तर्क माझा.

पुढे आणखी एकदा संकट आले, गोदावरीचे पाणी हातात घेऊन शपथ झाली, संकट टळले, शपथ विसरली. अखेरीस जे आले ते वरून आले नाही, ठाण्यातूनच आले. त्यांच्याकडे काही काळ ठाण्याचा कारभार असताना, त्यांच्या गैरहजेरीत वसुलीची थोडीशी रक्कम हाताखालच्या माणसाने खाल्ली, आणि अफरातफरीचा ठपका त्यांच्यावर आला. दरोडेखोराच्या हातून मरणे वेगळे आणि थोड्या रुपयांसाठी चोर ठरणे वेगळे. फौजदारकी तर दूरच, तुरुंगाचे दार समोर दिसू लागले. या वेळी त्यांनी केलेला निश्चय टिकला. ते निर्दोष सुटले आणि १९०३ साली त्यांनी राजीनामा दिला. पेन्शन नाही, शेती नाही, मूलबाळ नाही. वय पस्तिशीचे. बायको सरस्वतीबाई, आणि पदरी एवढीच कला की ओवी सुचते आणि गळा बरा आहे.

ते नांदेडास आले. म्हणजे इंग्रजांच्या राज्यातून निजामाच्या राज्यात आले. हैदराबाद-मनमाड हा गोदावरी खोऱ्यातला लोहमार्ग नुकताच, १९०० च्या सुमारास, सुरू झाला होता. नांदेडहून मनमाड, तिथून कोपरगाव, आणि कोपरगावाहून शिरडी ही वाट त्यामुळे सोपी झाली. त्या मीटरगेज गाडीने मराठवाड्याला मुंबई-पुण्याच्या जगाशी जोडले, हे आपण जाणतोच. कीर्तनकारांनाही तिने जोडले. नांदेड हे काही ओसाड गाव नव्हे. गोदावरीचा घाट, शिखांचा हुजूर साहेब, आणि वामन पंडितांचे नाव ज्याच्याशी जोडले जाते ते विद्वान शेष घराणे. दरबारची भाषा उर्दू, कचेरीची भाषा उर्दू, शाळेचीही पुढे उर्दू. अशा मुलखात मराठी ज्या ठिकाणी पूर्ण मोकळेपणाने बोलली आणि ऐकली जाई ती ठिकाणे मोजकीच, आणि त्यांत पहिले स्थान देवळाच्या सभामंडपाचे. कीर्तनकार हाच तिथला शिक्षक, इतिहासकार आणि थोडाबहुत नटही. आपल्याकडच्या पिढ्यांनी ज्ञानेश्वर-नामदेव प्रथम पुस्तकात वाचले नाहीत, कीर्तनात ऐकले.

दासगणूंचे कीर्तन नारदीय पद्धतीचे. पूर्वरंगात नमन, मुख्य अभंग आणि त्याचे निरूपण; मग बुक्का, माळ, थोडी विश्रांती; आणि उत्तररंगात आख्यान. आख्यान म्हणजे गोष्ट, पण ती नुसती सांगायची नसते. साकी, दिंडी, आर्या, कटाव, ओवी, पद, फटका असे छंद आणि चाली गोष्टीच्या वळणाप्रमाणे बदलत जातात. दुःख आले की चाल वेगळी, लढाई आली की पोवाड्याचा ठेका. इथे तमाशातली ती फुकट गेलेली वर्षे कामास आली. लावणीच्या फडात लोक कशाने हलतात, कुठे कंटाळतात, कोणत्या शब्दावर हशा येतो, हे या माणसाने पिंपळाच्या पारावर बसून शिकून घेतले होते. पंडिती कीर्तनकारांजवळ संस्कृत असते, हे नसते. त्यांनी संतांवर आख्याने रचली ती स्वतःपुरती ठेवली नाहीत. दुसऱ्या कीर्तनकारांनीही ती घेतली, आणि आज महाराष्ट्रातल्या कितीतरी कीर्तनांत ऐकणाऱ्याला पत्ताही नसताना दासगणूंची साकी किंवा दिंडी येऊन जाते.

वेषाचीही एक गोष्ट आहे. एकदा शिरडीस कीर्तनाला निघताना ते अंगरखा, उपरणे, फेटा असा थाट करून बाबांना नमस्कार करायला गेले. बाबांनी विचारले की हा नवरदेव कुठे निघाला. कीर्तनाला हे कशाला हवे? सगळे तिथेच उतरले. तेव्हापासून उघडे अंग, कमरेला धोतर, गळ्यात माळ आणि हातात चिपळ्या, असाच ते अखेरपर्यंत उभे राहिले. ज्या माणसाने बारा वर्षे फौजदाराच्या गणवेषाची स्वप्ने पाहिली त्याच्या अंगावरचे कीर्तनाचे कपडेही गेले. बिदागी त्यांनी घेतली नाही. कीर्तन हा अनेक घरांचा पोटापाण्याचा धंदा होता आणि आहे. त्यात कमीपणा काही नाही. पण पैसा न घेणारा कीर्तनकार म्हटल्यावर ठाणे, मुंबई, कोकण अशा ठिकाणी त्यांना बोलावणी येऊ लागली.

आणि इथेच त्यांच्या हातून मोठे काम झाले. कीर्तन तुकारामाचे असो की नामदेवाचे, शेजारी ते साईबाबांची तसबीर ठेवीत. आख्यानात बाबांची गोष्ट फारशी नसे. तसबीर असे, आणि कीर्तनाच्या ओघात एखादे वाक्य. ठाण्याच्या कौपीनेश्वर मंदिरात चोळकर नावाच्या एका गरीब कारकुनाने असे कीर्तन ऐकले, नोकरी कायम झाली तर शिरडीस येईन असा नवस केला, आणि प्रवासखर्च साठेपर्यंत चहात साखर घातली नाही. ही साखरेची गोष्ट 'साईसच्चरितात' आहे. नगर जिल्ह्यातल्या एका आडगावचा फकीर मुंबईच्या मध्यमवर्गाला ठाऊक झाला तो वर्तमानपत्रांतून नव्हे, या उघड्या अंगाच्या कीर्तनकारामुळे. त्यांच्या 'भक्तलीलामृता'तील एकतीस ते तेहतीस हे अध्याय आणि 'संतकथामृता'तील सत्तावन्नावा अध्याय साईबाबांवर आहे. 'साईसच्चरित' यायच्या पुष्कळ आधी हे छापून लोकांच्या हाती गेले होते.

तथापि एक गोष्ट सांगितलीच पाहिजे. साईबाबांचे पूर्वचरित्र शोधण्याच्या भरात दासगणूंनी आपल्या परभणी जिल्ह्यातल्या सेलूच्या गोपाळराव देशमुखांशी, म्हणजे वेंकूशांशी, बाबांचे गुरुशिष्याचे नाते जोडले. सेलूकरांना त्याचा अभिमान वाटतो आणि तो वाटावा. पण गोपाळरावांचा काळ अठराव्या शतकातला. सालांचा मेळ बसत नाही. इतिहास म्हणून ते टिकत नाही, असेच मला वाटते. दासगणू कीर्तनकार होते, आणि कीर्तनकाराला गोष्टीतली मोकळी जागा सहन होत नाही. ब्राह्मण कवीला यवन दिसणाऱ्या सद्गुरूच्या मागे एक हिंदू गुरू उभा करावासा वाटला, यात ते न प्यालेले तीर्थच मला पुन्हा दिसते.

त्यांनी मंत्रोपदेश घेतला तो वामनशास्त्री इस्लामपूरकरांकडून. गुरू शास्त्री, दैवत फकीर. या दोहोंत त्यांना कधी विरोध वाटला नसेल असे नाही, पण त्यांनी दोन्ही सोडले नाहीत.

ईशावास्याची गोष्ट मला त्यांच्या सर्व गोष्टींत अधिक आवडते. ईशोपनिषदावर ते ओवीबद्ध टीका लिहीत होते. इंग्रजी चार इयत्ता शिकलेला शिपाई उपनिषदावर लिहू बसला, हेच आधी धाडसाचे. पहिल्याच मंत्रातला त्यागाने भोगण्याचा अर्थ त्यांना उलगडेना. पंडितांना विचारले, समाधान झाले नाही. बाबांना विचारले तर बाबांनी सांगितले की पार्ल्याला काकासाहेब दीक्षितांच्या घरची मोलकरीण सांगेल. लोकांना थट्टा वाटली. दासगणू मात्र पार्ल्यास जाऊन राहिले. सकाळी त्यांच्या कानांवर भांडी घासणाऱ्या एका पोरीचे गाणे पडले. अंगावर फाटके लुगडे, आणि गाणे दुसऱ्या कुणाच्या तरी सुंदर लुगड्याचे. त्यांना दया आली. रावबहादूर प्रधानांना सांगून तिला एक नवे लुगडे देवविले. दुसऱ्या दिवशी ती ते नेसून नाचलीबागडली; तिसऱ्या दिवशी नवे घरी ठेवून पुन्हा फाटके नेसून आली, आणि गाणे तसेच आनंदाचे. मंत्राचा अर्थ त्यांना तिच्या चेहऱ्यावर मिळाला. पंडितांच्या घरी जे मिळाले नाही ते मोरीवर मिळाले. हा अर्थ त्यांना दुसऱ्याने सांगून पटला नसता. त्यांनी स्वतः बारा वर्षे एका लुगड्यासाठीच घालविली होती. फक्त ते खाकी होते.

१९१८ च्या ९ सप्टेंबरला, गणेशचतुर्थीच्या दिवशी, नर्मदाकाठी महेश्वर येथे त्यांनी 'साईनाथ स्तवनमंजरी' रचली. तिच्यानंतर सव्वा महिन्यानेच, १५ ऑक्टोबरला, विजयादशमीस बाबांनी देह ठेवला. दासगणू तेव्हा पंढरपुरात होते. त्यांना पहाटे स्वप्न पडले, मशीद पडली म्हणून बाबा सांगत आहेत असे. ते मंडळी घेऊन शिरडीस आले आणि समाधीपुढे नामसप्ताह केला. १९२२ साली संस्थानची व्यवस्था लावली गेली तेव्हा दासगणू तिचे पहिले अध्यक्ष झाले आणि पुढे बरीच वर्षे राहिले. ज्या मशिदीत ते एकेकाळी साहेबाच्या मागून अनिच्छेने शिरले होते, तिच्या कारभाराची जबाबदारी त्यांच्या नावावर आली. एवढे असून ते शिरडीत राहिले नाहीत. नांदेड, पंढरपूर, कीर्तने आणि लेखन हाच क्रम चालू राहिला.

'गजानन विजय' त्यांनी १९३९ साली शेगावला लिहिला, वयाच्या बहात्तराव्या वर्षी. गजानन महाराजांना समाधी घेऊन तेव्हा एकोणतीस वर्षे लोटली होती. शेगावच्या भाविकांनी माहिती आणि कागद पुरविले, आणि त्यावरून एकवीस अध्याय उभे राहिले. ओवी जुनी, पण तीत बोलणारी माणसे वऱ्हाडातल्या वाड्यांतली आणि शेतांतली. पाटील, कुलकर्णी, स्टेशनमास्तर, सावकार, रोगी, निंदक, सगळे आपापल्या तोंडाने बोलतात. पारायणाची पोथी म्हणून तिचा मान मोठा. कुणी एका दिवसात वाचतो, कुणी दशमी-एकादशी-द्वादशी अशा तीन दिवसांत, कुणी सप्ताहात. पण श्रद्धा बाजूस ठेवून नुसती गोष्ट म्हणून वाचली तरी ती हातातून सुटत नाही. फौजदारापुढे उभे राहणाऱ्या माणसाची गाळण कशी उडते, कचेरीत खोटी साक्ष कशी फिरते, असे काही आले की शिपायाच्या नजरेने पाहिलेले ते सगळे आहे, हे उमगते. टीकाकारांनी त्यांना ओवीच्या मोठ्या परंपरेत कितपत जागा द्यावी याविषयी मतभेद आहेत. महिपतीच्या वाटेने जाणारा शेवटचा मोठा कवी, एवढे म्हणायला मला संकोच वाटत नाही. महिपतीही नगर जिल्ह्यातल्या ताहराबादचेच.

नांदेडने दासगणूंच्या हयातीत निजामाचे राज्य पाहिले, १९४८ ची पोलीस कारवाई पाहिली, १९५६ मध्ये हैदराबाद राज्य विभागले जाऊन मराठवाडा द्वैभाषिक मुंबईत गेलेला पाहिला, आणि १९६० मध्ये महाराष्ट्र. तेव्हापासून हैदराबादचे मराठी आणि नांदेडचे मराठी दोन राज्यांत झाले, आणि आपल्याकडे दासगणूंचे नाव पुसट झाले त्याचे एक कारण हेही असावे. त्यांचे मोठे शिष्य अनंतराव आठवले, पुण्याचे वैद्य आणि कीर्तनकार, यांनी पुढे ती परंपरा चालविली. संन्यासानंतर ते स्वामी वरदानंद भारती झाले. त्यांच्यामुळे गोरट्याचा आश्रम नावारूपाला आला.

दासगणू २६ नोव्हेंबर १९६२ रोजी पंढरपुरात वारले. पंचाण्णवावे वर्ष चालू होते. समाधी गोरट्यास आहे. मी तिथे एकदा गेलो होतो. उमरीला गाडीतून उतरून टांगा-रिक्षा करून जावे लागते. काळी जमीन, दोन्ही बाजूंना कापूस. आश्रमात दुपारची वेळ होती, गर्दी नव्हती. एक शेतकरी बाई भिंतीला टेकून पोथी वाचीत होत्या, बोट अक्षराखाली ठेवून, हळूहळू, एकेक ओवी पुटपुटत. माझ्याकडे त्यांनी वर पाहिले नाही.

आबिड्सवरून आणलेली पोथी मी बांधणीला दिली आहे. बांधणारा उस्मानगंजचा, तेलुगू. पुठ्ठ्यावर कर्त्याचे नाव सोनेरी अक्षरांत घालू का, असे त्याने विचारले. मी घाल म्हणालो, आणि कागदावर देवनागरीत लिहून दिले. त्याने ते उलटसुलट करून पाहिले आणि हे कोण, म्हणून विचारले. मी त्याला दिलसुखनगरच्या आरतीची खूण सांगितली, तशी त्याने ती आरती चालीसकट म्हणून दाखविली.